चाल तीच, शब्द वेगळे : संगमनेरच्या फडापासून टीव्हीपर्यंत विडंबनगीताचा प्रवास

रील बघता बघता एखादं ओळखीचं गाणं कानावर पडतं. चाल तीच, ठेका तोच, पण शब्द मात्र गॅस सिलिंडरच्या भावाचे, नाहीतर रस्त्यातल्या खड्ड्यांचे. हसू येतं आणि बोट आपोआप शेअरच्या बटणावर जातं. ओळखीच्या गाण्याला वेगळे शब्द लावून हसवायचं, या प्रकाराला मराठीत विडंबनगीत म्हणतात.

ही कला मोबाईलसोबत आली असं अनेकांना वाटतं. थोडं मागे गेलं की टीव्हीवरचे कॉमेडी शो दिसतात, आणखी मागे दूरदर्शनचा काळ. पण मूळ शोधायला निघालं तर वाट जत्रेतल्या तंबूत जाते. अहिल्यानगर जिल्ह्यातलं संगमनेर हे या वाटेवरचं एक महत्त्वाचं गाव. पेशवाईतले शाहीर अनंत फंदी इथले, आणि तमाशातल्या ज्येष्ठ कलावंत कांताबाई सातारकर यांचं घरही इथलंच.

विडंबनगीत म्हणजे नेमकं काय, ते तमाशातून टीव्हीवर कसं आलं, त्या वाटेत काय हरवलं आणि आज कुणी असं गाणं केलं तर कायदा काय म्हणतो, ते एकेक करून पाहू.

विडंबनगीताचे तीन प्रकार

सगळी विडंबनं एकाच पद्धतीची नसतात. ढोबळमानाने त्यांचे तीन प्रकार पडतात.

पहिला प्रकार सगळ्यांच्या ओळखीचा. चाल जशीच्या तशी ठेवायची आणि शब्द बदलायचे. यात गंमत तेव्हाच येते, जेव्हा ऐकणाऱ्याला मूळ गाणं पाठ असतं. मूळ गाण्यात विरहाची ओळ असते आणि त्याच जागी रेशनच्या रांगेची ओळ येते. कान एका गोष्टीची वाट बघत असतात आणि ऐकू येते दुसरीच. हसू फुटतं ते या फसगतीमुळे.

दुसऱ्या प्रकारात कुठलंही एक गाणं उचललेलं नसतं, उचललेली असते ती शैली. चाल नवी, शब्द नवे, पण ऐकताक्षणी कळतं की टिंगल कुणाची चाललीय. हे काम जास्त अवघड, कारण त्यासाठी आधी ती शैली पक्की आत्मसात करावी लागते.

तिसरा प्रकार सादरीकरणाच्या विडंबनाचा. गाण्याचे शब्द आणि चाल दोन्ही मूळचे, पण गाणाऱ्याच्या लकबी, हातवारे, ताना आणि चेहरा अतिरंजित केलेला. शास्त्रीय गवयांची नक्कल, भावगीत गायकांची नक्कल यातच मोडते.

टीव्हीवरचं गाजलेलं उदाहरण : रटल्स

दुसऱ्या प्रकाराचं जगभर गाजलेलं उदाहरण टीव्हीवरचंच आहे. मार्च 1978 मध्ये अमेरिकेच्या एनबीसी वाहिनीवर ‘ऑल यू नीड इज कॅश’ नावाचा विनोदी विशेष कार्यक्रम लागला. ‘रटल्स’ नावाच्या एका काल्पनिक बँडचा तो खोटा माहितीपट होता. हा बँड म्हणजे उघडउघड बीटल्सची नक्कल. ‘माँटी पायथन’ या विनोदी चमूतल्या एरिक आयडल यांनी तो लिहिला, तर गाणी नील इनेस यांनी केली.

इनेस यांनी बीटल्सच्या चाली उचलल्या नव्हत्या. बीटल्स जशी गाणी करायचे तशी त्यांनी नवीच गाणी रचली. ती इतकी हुबेहूब जमली की बीटल्सच्या गाण्यांचे हक्क ज्या कंपनीकडे होते तिने दावा ठोकला. शेवटी तडजोड झाली, आणि इनेस यांच्या गाण्यांच्या श्रेयात आणि कमाईत वाटेकरी आले. विशेष म्हणजे बीटल्सपैकी जॉर्ज हॅरिसन स्वतः त्या कार्यक्रमात छोट्या भूमिकेत झळकले होते. ज्याची टिंगल तो हसत सामील झाला, पण त्याच्या गाण्यांची मालक कंपनी हसली नाही.

अमेरिकेत पहिल्या प्रसारणाला प्रेक्षक फार मिळाले नाहीत. पण पुढे हा कार्यक्रम खोट्या माहितीपटांचा आद्य नमुना मानला गेला. विडंबनाचं हे नेहमीचंच आहे. ज्या दिवशी ते येतं त्या दिवशी लोक त्याला टाइमपास म्हणतात, आणि पन्नास वर्षांनी त्यावर अभ्यास होतो.

मराठीत चाल उसनी घेणं ही चोरी नव्हे

मराठीत हा प्रकार इतका सहज का रुजला? कारण इथे एका चालीवर दुसरे शब्द बसवणं ही फार जुनी रीत आहे.

सोळाव्या शतकात संत एकनाथांनी भारुडं रचली. त्यांत वासुदेव, जोशी, जोगवा मागणारी, विंचू चावलेला माणूस अशी सोंगं येतात. गावोगाव फिरणाऱ्या लोककलावंतांची गाण्याची पद्धत एकनाथांनी जशीच्या तशी घेतली आणि तिच्यात अध्यात्म भरलं. वरवर हसू, आत उपदेश. विडंबनाचं तंत्र तेच, हेतू मात्र टिंगलीपेक्षा वेगळा.

पुढे 1880 मध्ये अण्णासाहेब किर्लोस्करांचं ‘संगीत शाकुंतल’ रंगभूमीवर आलं आणि संगीत नाटकांचा काळ सुरू झाला. त्या काळच्या नाटकांच्या छापील पुस्तकांत पदाच्या डोक्यावर ‘चाल’ असं लिहून कुठल्या तरी आधीच्या गाण्याचं नाव दिलेलं दिसतं. म्हणजे लोकांच्या ओठांवरची चाल घ्यायची आणि नवं पद बसवायचं, यात लपवाछपवी नव्हती.

कवितेच्या प्रांतात विडंबनाला स्वतःचं पुस्तक मिळालं ते 1925 साली. आचार्य अत्रे यांनी ‘केशवकुमार’ या नावाने ‘झेंडूची फुले’ हा संग्रह काढला. पुण्यात 1923 मध्ये सुरू झालेल्या रविकिरण मंडळातल्या कवींची शैली त्यांनी अशी काही पकडली की वाचकांची हसून पुरेवाट झाली. मराठीत विडंबनकाव्य हा शब्द घरोघरी पोचला तो या पुस्तकामुळे. पण पुस्तकाच्या कितीतरी आधीपासून तमाशाच्या बोर्डावर हे रोज रात्री चाललेलं होतं.

संगमनेरचे अनंत फंदी

प्रवरेकाठच्या संगमनेरात 1744 साली अनंत फंदींचा जन्म झाला. आडनाव घोलप. ‘फंदी’ हे नाव गावातल्या मलिक फंदी नावाच्या फकिराशी असलेल्या स्नेहातून त्यांना मिळालं असं सांगतात. त्यांनी लावण्या रचल्या, पोवाडे रचले, तमाशाचा फड गाजवला. 1819 मध्ये, म्हणजे पेशवाई बुडाल्यानंतर वर्षभराने, त्यांचं निधन झालं.

त्यांच्याबद्दलची एक आख्यायिका प्रसिद्ध आहे. अहिल्याबाई होळकरांनी त्यांना तमाशा सोडून कीर्तनाकडे वळण्याचा उपदेश केला आणि फंदींनी तो मानला, अशी ती कथा. ज्या अहिल्याबाईंचं नाव आता जिल्ह्याला मिळालं आहे, त्यांचा आणि संगमनेरच्या या शाहिराचा संबंध असा जोडला जातो.

फंदींचं नाव आज घेतलं जातं ते मुख्यतः ‘फटका’ या प्रकारासाठी. फटका म्हणजे रोखठोक उपदेशाचं गाणं. हे करू नको, ते सोडू नको, अशी एकामागून एक बजावणी आणि प्रत्येक ओळीच्या शेवटी तीच टेक. असा पक्का साचा विडंबनकाराला फार सोयीचा असतो. साचा लोकांना पाठ असतो, त्यात काय ओतायचं ते आपण ठरवायचं. संगमनेरात फंदींच्या नावाने व्याख्यानमाला चालते. तमाशातला शाहीर व्याख्यानमालेच्या फलकावर गेला, हा बदलही लक्षात ठेवण्यासारखा आहे. त्याच्याकडे पुढे येऊच.

तमाशात विडंबन नेमकं कुठे असतं?

ढोलकीफडाच्या तमाशाचा क्रम ठरलेला असतो. आधी गण, म्हणजे गणपतीचं नमन. मग गवळण. त्यानंतर बतावणी, लावण्या, सवाल-जवाब आणि शेवटी वग, म्हणजे कथानक असलेलं नाट्य.

यातली गवळण हा मराठी विनोदाचा कारखाना. प्रसंग साधा असतो. गवळणी दूध-दही घेऊन मथुरेच्या बाजाराला निघाल्या आहेत. वाटेत कृष्ण आणि त्याचा बोबडा, लंगडा सवंगडी पेंद्या त्यांना अडवतात आणि जकात मागतात. गवळणींची म्होरकी असते मावशी. ही भूमिका पुरुष करतो, आणि प्रेक्षक तिचीच वाट बघत असतात.

आता हा बाजार मथुरेचा असला तरी बोलणं त्या गावचं, त्या आठवड्याचं असतं. मावशी दुधाच्या भावावर बोलते, सोसायटीच्या कर्जावर बोलते, सरपंचाच्या खुर्चीवर बोलते. कृष्णाची जकात म्हणजे प्रेक्षकांना माहीत असलेली कुठलीतरी खरी वसुली असते. देवाच्या गोष्टीचा साचा घ्यायचा आणि त्यात गावचा हिशेब मांडायचा, हे विडंबन झालं. आणि गवळण भक्तिगीताच्या अंगाने सुरू होत असल्यामुळे सुरुवातीलाच कुणी हरकतही घेऊ शकत नाही.

बतावणीत सोंगाड्याचं राज्य असतं. सरदार किंवा नाईक सरळ बोलतो आणि सोंगाड्या त्याचा प्रत्येक शब्द वाकडा ऐकतो. मोठ्या माणसाची भाषा उलटी करून दाखवणं हे त्याचं काम. मध्येच तो गाजलेल्या गाण्याची ओळ उचलतो, ढोलकीवाला तोच ठेका धरतो, मागचे झीलकरी सूर लांबवतात आणि ऐनवेळी शब्द बदलतात. कवलापूरचे जुळे भाऊ काळू-बाळू, ‘गाढवाचं लग्न’ गाजवणारे दादू इंदुरीकर अशा सोंगाड्यांची नावं यासाठीच घेतली जातात.

यातलं बरंचसं लिहिलेलं नसतं. सांगाडा ठरलेला, पण विनोद त्या रात्रीचा. म्हणूनच एका गावातला तमाशा दुसऱ्या गावात तसाच होत नाही.

हसवण्यापलीकडचं विडंबन

साचा बदलून वापरण्याची ही ताकद चळवळींनीही ओळखली. सत्यशोधक जलसे तमाशाच्या धर्तीवर उभे राहिले आणि त्यांनी गण-गवळणीच्या जागी जातिभेदावर प्रहार करणारी गाणी आणली. आंबेडकरी जलशांनी हीच वाट पुढे नेली. अण्णा भाऊ साठे यांनी आपल्या लोकनाट्यांत गणपतीच्या नमनाऐवजी मायभूमीला आणि कष्टकऱ्यांना वंदन केलं, आणि गवळण वगळली.

त्यांची ‘माझी मैना गावावर राहिली’ ही छक्कड संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात प्रचंड गाजली. ऐकताना ती गावी राहिलेल्या बायकोच्या विरहाची वाटते. पण पुढे पुढे कळतं की तुटून मागे राहिलेली मैना म्हणजे महाराष्ट्रापासून तोडलेला मराठी मुलूख. प्रेमगीताचा साचा, आत राजकारण. इथे कुणी हसत नाही, पण तंत्र विडंबनाच्या जवळचंच आहे.

सत्तेला हे झोंबायचं. स्वातंत्र्यानंतर लगेचच मुंबई सरकारने अश्लीलतेच्या कारणावरून तमाशावर बंदी घातली होती. पुढे बंदी उठली, पण संहिता तपासून घेण्याची अट आली. ज्या कलेचा निम्मा जीव ऐनवेळच्या बोलण्यात आहे, तिला आधी कागदावर उतरवून मंजुरी घे म्हणणं म्हणजे काय, हे सोंगाड्यालाच ठाऊक.

कांताबाई सातारकर आणि संगमनेरचा फड

कांताबाई सातारकर लहानपणीच तमाशात आल्या. पुढे गाजलेले तमाशा कलावंत तुकाराम खेडकर यांच्या फडात त्या नावारूपाला आल्या आणि दोघांचा संसार उभा राहिला. खेडकर यांच्या निधनानंतर लहान मुलांना घेऊन त्यांनी स्वतःचा फड उभा केला. संगमनेर हे त्यांचं घर झालं.

कांताबाईंची खास ओळख म्हणजे त्यांनी केलेल्या पुरुषभूमिका. मावशीच्या लुगड्यात पुरुष शिरतो, हे तमाशात नेहमीचं. पण बाईने ऐतिहासिक पुरुषाचा पेहराव घालून वगात उभं राहायचं आणि हजारोंच्या जत्रेला गप्प करायचं, ही गोष्ट वेगळी होती. 25 मे 2021 रोजी, कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत, संगमनेरातच त्यांचं निधन झालं.

तो काळ फडांसाठी फार वाईट होता. 2020 आणि 2021 अशी सलग दोन वर्षं चैत्र-वैशाखातल्या जत्रा बंद राहिल्या. ढोलकीफडाची वर्षाची कमाई प्रामुख्याने याच जत्रांच्या सुपाऱ्यांवर असते. पुणे-नाशिक रस्त्यावर नारायणगावात गुढीपाडव्याच्या सुमारास फडमालकांच्या राहुट्या लागतात, गावोगावचे जत्रा कमिटीवाले येतात आणि सुपाऱ्या ठरतात. ते सगळंच थांबलं. एका मोठ्या फडावर कलावंत, वादक, स्वयंपाकी, ड्रायव्हर, तंबू ठोकणारे अशा कितीतरी जणांची चूल अवलंबून असते.

कांताबाईंचे चिरंजीव रघुवीर खेडकर यांनी फड पुढे चालवला. 2026 च्या प्रजासत्ताक दिनाच्या पूर्वसंध्येला जाहीर झालेल्या पद्म पुरस्कारांत रघुवीर तुकाराम खेडकर यांचं नाव पद्मश्रीसाठी आलं. एका फडमालकाला हा सन्मान मिळणं ही तमाशाच्या दृष्टीने मोठीच गोष्ट.

तंबूतून नाट्यगृहात, नाट्यगृहातून टीव्हीवर

तमाशाचा विनोद शहरी प्रेक्षकांपर्यंत आणला तो लोकनाट्यांनी. 1965 मध्ये वसंत सबनीस यांचं ‘विच्छा माझी पुरी करा’ आलं आणि दादा कोंडके घराघरात पोचले. गण, गवळण, मावशी, शिपाई, राजा, सगळं तमाशातलंच. पण तिकीट काढून, खुर्चीत बसून, कुटुंबासह बघण्याजोगं. 1971 मध्ये कोंडके यांचा ‘सोंगाड्या’ हा चित्रपट आला, त्याचं लेखनही सबनीसांचंच.

त्याच दशकात पु. ल. देशपांडे यांची ‘वाऱ्यावरची वरात’ रंगभूमीवर गाजत होती. ते रूढ अर्थाने नाटक नव्हतं. छोटे छोटे प्रसंग, नकला, गाणी यांची ती माळ होती. पु.ल. स्वतः लेखक, पेटीवर बसणारे संगीतकार आणि नट. त्यामुळे गायकांची लकब, सभा-समारंभांतली गाणी, हिंदी चित्रपटगीतांचा थाट यांची टिंगल करताना सूर कुठेच चुकत नव्हता. विडंबन करणाऱ्याला मूळ कलेवर प्रेम असावं लागतं आणि तिचं ज्ञानही, हे ‘वरात’ बघताना लगेच कळतं. तिचं चित्रीकरण आजही लोक इंटरनेटवर शोधून बघतात.

2 ऑक्टोबर 1972 रोजी मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झालं. मराठी विनोदाला एक नवा रंगमंच मिळाला, तोही थेट बैठकीच्या खोलीत. विनायक चासकर यांची निर्मिती असलेला ‘गजरा’ हा त्या काळातला लोकप्रिय कार्यक्रम. नावाप्रमाणेच वेगवेगळी फुलं एकत्र गुंफलेला. छोट्या नाटुकल्या, चुटके, गमतीची गाणी. रंगभूमीवरचे कलाकार यायचे, मर्यादित वेळेत आणि अगदी साध्या नेपथ्यावर काम करून जायचे. आजच्या कॉमेडी शोमधल्या स्किटचं मराठी टीव्हीवरचं मूळ शोधायचं तर ते इथे सापडतं.

1999 मध्ये अल्फा टीव्ही मराठी, म्हणजे आजची झी मराठी, सुरू झाली आणि खासगी वाहिन्यांचा काळ आला. 2014 मध्ये सुरू झालेल्या ‘चला हवा येऊ द्या’ने गाजलेल्या चित्रपटांचं आणि गाण्यांचं विडंबन हाच आठवड्याचा मुख्य पदार्थ केला. ज्या सिनेमाची टिंगल, त्याच सिनेमाचे कलाकार समोर सोफ्यावर बसून हसताहेत, हे चित्र रूढ झालं. त्यात प्रसिद्धीचा हिशेब होता हे खरं. पण पुरुषाने साडी नेसून मावशीसारखं टोमणे मारणं, ऐनवेळी गाण्याचे शब्द बदलणं, समोर बसलेल्या पाहुण्यालाच चिमटा काढणं, ही सगळी हत्यारं फडावरचीच.

या प्रवासात काय हरवलं?

पहिलं म्हणजे नोंद. दूरदर्शनच्या सुरुवातीच्या काळात व्हिडिओ टेप महाग होत्या. जुन्या टेपवर नवा कार्यक्रम चित्रित करणं ही तेव्हा जगभरच्या वाहिन्यांची रीत होती. बीबीसीने ‘डॉक्टर हू’सारख्या मालिकेचेही कितीतरी भाग असेच पुसून टाकले. त्यामुळे त्या काळातले असंख्य कार्यक्रम आज फक्त प्रेक्षकांच्या आठवणीत आहेत. तमाशाची अवस्था त्याहून बिकट. तिथे तर टेपही नव्हती. सोंगाड्याने एखाद्या रात्री गायलेलं अफलातून विडंबन त्या रात्रीपुरतंच राहिलं.

दुसरं म्हणजे श्रेय. फंदी, अण्णा भाऊ, सबनीस, पु.ल. यांची नावं छापील आहेत. पण गवळणीतला विनोद पिढ्यान्‌पिढ्या घडवणारे बहुतेक कलावंत महार, मांग, कोल्हाटी अशा समाजांतले. त्यांची नावं जत्रेच्या पोस्टरपुरती उरली. तीच कला शहरात आली तेव्हा तिला ‘लोकनाट्य’ हे नाव मिळालं आणि सोबत प्रतिष्ठाही. फडावरच्या बाईला मात्र ती सहजासहजी मिळाली नाही.

तिसरी गोष्ट जास्त गंभीर आहे. विडंबनाचा बाण कुठल्या दिशेने जातो? गवळणीत तो वर जायचा, म्हणजे सावकार, पुढारी, शिपाई आणि राजा यांच्याकडे. टीव्हीवर पुष्कळदा दिशा फिरली. तमाशातली नाचणारी, गावंढळ बोलणारा, सावळी किंवा जाड बाई, हेच विनोदाचे विषय झाले. ज्यांनी विडंबनाची कला सांभाळली, त्यांचंच सोंग काढून हसवलं जाऊ लागलं. चांगलं आणि वाईट विडंबन यांत फरक करायचा तर हा एक साधा प्रश्न पुरतो : यात हसं कुणाचं होतंय, ताकदवानाचं की आधीच खाली असलेल्याचं?

रील करायची आहे? कायदा काय म्हणतो?

आता व्यवहाराचा भाग. गाण्याचं विडंबन करून टाकलं आणि हक्कांची नोटीस आली, असं आज कुणाच्याही बाबतीत होऊ शकतं.

एका गाण्यात तीन वेगवेगळे हक्क असतात. शब्दांचा हक्क, चालीचा म्हणजे संगीताचा हक्क, आणि ध्वनिमुद्रणाचा हक्क. हे तिन्ही वेगवेगळ्या लोकांकडे असू शकतात. शब्द बदलून मूळ ट्रॅकवरच गाणं म्हटलं तर चाल आणि ध्वनिमुद्रण या दोन्ही हक्कांचा प्रश्न येतो. पेटी-ढोलकीवर स्वतः वाजवून गायलं तर ध्वनिमुद्रणाचा प्रश्न सुटतो, पण चालीचा राहतो.

भारताच्या 1957 च्या कॉपीराइट कायद्यात ‘विडंबन’ असा शब्द घेऊन दिलेली सूट नाही. कलम 52 मध्ये टीका किंवा समीक्षा यांसाठी रास्त वापराला मुभा आहे. विडंबन ही मूळ कृतीवरची टीकाच आहे, असा युक्तिवाद त्या आधारे केला जातो. या बाबतीत केरळ उच्च न्यायालयाचा 1996 चा सिव्हिक चंद्रन प्रकरणातला निकाल नेहमी सांगितला जातो. एका गाजलेल्या मल्याळम नाटकाला उत्तर म्हणून लिहिलेलं प्रतिनाटक त्यात होतं. मूळ नाटकातला किती आणि कोणता भाग घेतला, कशासाठी घेतला आणि त्यामुळे मूळ नाटकाच्या व्यवसायाला धक्का बसेल का, हे न्यायालयाने पाहिलं आणि प्रतिनाटकाच्या बाजूने कौल दिला.

बाहेर चित्र थोडं वेगळं आहे. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने 1994 मध्ये ‘प्रिटी वुमन’ या गाण्याच्या विडंबनाच्या प्रकरणात, पैसे कमावण्यासाठी केलेलं विडंबनही रास्त वापर ठरू शकतं असं म्हटलं. ब्रिटनने 2014 मध्ये कायद्यातच विडंबनाची सूट घातली.

याचा व्यवहारातला अर्थ असा :

- मूळ गाण्यावरच भाष्य करणारं विडंबन जास्त सुरक्षित. नुसती लोकप्रिय चाल वापरून दुकानाची जाहिरात करणं हे विडंबन ठरणं कठीण.
- मूळ ध्वनिमुद्रण वापरलं तर यूट्यूबसारख्या ठिकाणची यंत्रणा ते आपोआप ओळखते. तिला विनोद कळत नाही, फक्त सूर कळतात.
- भारतात शब्द आणि संगीत यांचा हक्क निर्मात्याच्या मृत्यूनंतर 60 वर्षं टिकतो. त्यामुळे एकनाथांची भारुडं किंवा अनंत फंदींचा फटका यांचा साचा कुणीही मोकळेपणाने वापरू शकतं. मात्र त्यांच्या रचनेला कुणी अलीकडे नवी चाल दिली असेल, तर त्या चालीचा हक्क वेगळा.
- गाण्यापेक्षा शैलीचं विडंबन केलं तर वाद कमी. पण रटल्सची गोष्ट विसरायची नाही. शैली फारच हुबेहूब जमली तरीही दावा येऊ शकतो.
- बदनामी, धार्मिक भावना आणि अश्लीलता यांचे कायदे वेगळे आहेत. कॉपीराइटमधून सुटका झाली म्हणजे सगळ्यातून सुटका झाली असं नाही.

थोडक्यात

विडंबनगीत हे मराठीत कधीच नुसतं टाइमपासचं साधन नव्हतं. एकनाथांनी त्यातून उपदेश केला, सोंगाड्याने जाब विचारला, अण्णा भाऊंनी लढा उभा केला, अत्रे-पु.लं.नी भंपकपणा उघडा पाडला आणि टीव्हीने ते घरोघरी नेलं. आज हे साधन प्रत्येकाच्या खिशातल्या फोनमध्ये आहे आणि त्याची नोंदही आपोआप होते आहे, जी फडावरच्या कलावंतांच्या वाट्याला कधी आली नाही.

मूळ गोष्ट अजून बघायची सोयही आहे. दसऱ्यानंतर फड बाहेर पडतात आणि चैत्र-वैशाखात गावोगावच्या जत्रा भरतात. वगापर्यंत जागायचं नसेल तरी चालेल. गण झाल्यावर गवळण सुरू होते, तेवढी तरी पुढे बसून बघावी. मावशी त्या आठवड्याची बातमी कशी सांगते ते कळेल. आणि त्यातलं काही रीलवर टाकायचं झालं, तर कलावंतांना विचारून आणि फडाचं नाव लिहूनच टाकावं.